स्वप्नातल्या घराचा नकाशा कागदावर बसत नाहीये

रेघोटी: गेली कित्येक वर्षं एकच घर स्वप्नात येतं. अकरा पायऱ्या चढले की मी त्याच जिन्याच्या तळाशी असते. मधल्या खांबाभोवती फिरताना चार काटकोनी वळणांत फेरा पुरा होत नाही, पाचवं घ्यावंच लागतं. उठल्याउठल्या रेखाटते, पण पाचव्या वळणाला रेघा एकमेकींवर चढतात. घर सोपं करायचं नाहीये मला. काय करू?

कागदकाम: सपाट कागद सोडा. सारख्या मापाचे पाच चौरस कापा आणि एकाच कोपऱ्याभोवती चिकटपट्टीने जोडा. सपाट जागेत तिथे चारच मावतात. पाचवा घुसवला की कागद खोगिरासारखा वर-खाली वळतो. आता खांबाभोवती पेन्सिल फिरवा, पाच वळणांत बरोब्बर जागेवर येते. तुमचं घर अशक्य नाहीच, फक्त सपाट नाही! जिन्याचं मात्र वेगळं आहे. लायनेल आणि रॉजर पेनरोज या ब्रिटिश शास्त्रज्ञ पितापुत्रांनी १९५८ साली अशाच जिन्याचं चित्र छापलं, १९६० मध्ये डच चित्रकार एशरने त्यावरून शिळाछाप (दगडावरून छापलेलं चित्र) केला. प्रत्येक पायरी खरी, जुळणी खोटी. तो चित्रातच राहू द्या.

तळटीप: अंतरं सोडून द्या, जोडण्या जपा. हॅरी बेकचा १९३३चा लंडन भुयारी रेल्वेचा नकाशा तसाच आहे. जिन्याच्या वरच्या टोकाकडून तळाकडे फक्त एक बाण काढा.

रेघोटी: पाच चौरस जोडले. खोगिराच्या उतारावर बोट फिरवलं आणि अंगावर काटा आला, तिथली फरशी पायाला अशीच लागते.