सोडा सर्वांत शेवटी : घरच्या हायबॉलचे अनुभव

पूर्णाकाठ (परभणी)
परवा वडिलांचे कपाट आवरताना गोटी सोड्याची हिरवट बाटली हाती लागली. तिच्या गळ्यातली गोटी अजून खुळखुळते. हायरम कॉड या इंग्रजाने १८७२ मध्ये या बाटलीचे पेटंट घेतले होते, हे मला फार उशिरा कळले. लहानपणी आम्हाला फक्त गोटी आत दाबताना होणारा ‘फट्ट’ आवाज माहीत होता. काका मुक्कामाला आले की वडील अशा दोन बाटल्या मागवत. ग्लासात आधी बर्फ, मग व्हिस्की आणि सोडा सर्वांत शेवटी, ग्लास तिरपा धरून कडेने सोडलेला. त्यात चमचा घालायची कोणाची टाप नव्हती. यालाच हायबॉल म्हणतात, हे मला चाळिशीत समजले.

मी स्वतः पहिल्यांदा केला तो मे महिन्यात, ओट्यावर तापलेल्या सोड्याने, आणि वर खळाखळा ढवळला. दोन मिनिटांत उरले ते व्हिस्कीचे बेचव पाणी. पंचवीस अंशांच्या पाण्यात जेवढा कार्बन डायऑक्साइड विरघळतो, त्याच्या दुपटीहून अधिक शून्य अंशाच्या पाण्यात मावतो, हे शाळेत शिकूनही मी विसरलो होतो. आता ग्लाससुद्धा फ्रीजमध्ये ठेवतो. व्हिस्की ४५ मिली आणि सोडा त्याच्या तिप्पट. आपणही आपले अनुभव लिहावेत.

मांजराकाठ (लातूर)
एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून आमच्या गावाला रेल्वेने पाणी येत होते, त्या दिवसांत पिण्याच्या पाण्याचा बर्फ करणे घरात कोणालाच पटले नसते. बोअरच्या पाण्याचा करून पाहिला. तो वितळू लागला तसतसा ग्लास मचूळ होत गेला आणि पाहुण्याने भिडेखातर तो संपवला. मग ग्लास, बाटली आणि सोडा असे तिन्ही गारठवून बर्फाशिवायच प्यालो. तेव्हापासून आमच्याकडे तीच रीत आहे.

मृगबहार (जालना)
व्हिस्की आमच्याकडे कोणी पीत नाही, त्यामुळे मी जिन घेते आणि त्यात घरच्या बागेतली मोसंबी पिळते. एकदा मैत्रिणी येणार म्हणून रस सकाळीच काढून ठेवला आणि संध्याकाळी तो कडू लागला. बिया गाळल्या होत्या, भांडे स्वच्छ होते, तरीही! रस काढल्यावर त्यात लिमोनिन हळूहळू तयार होते आणि त्याचा कडवटपणा उशिरा जाणवतो, असे नंतर वाचले. म्हणून मोसंबी पाहुण्यांसमोरच पिळावी. सासूबाईंचा ग्लास मी जिनशिवाय, काळे मीठ घालून करते, आणि खरे सांगायचे तर तोच अधिक चांगला लागतो.

काळीमाती (बीड)
मृगबहार ताई, मोसंबीचा रस घरच्या सोडा यंत्रात मात्र चुकूनही घालू नका. मी सरबत घालून कळ दाबली होती. साखरेमुळे सगळे फेसाळून वर आले आणि छताच्या पंख्याने ते चारही भिंतींवर समान वाटले. यंत्रात निव्वळ थंड पाणीच भरायचे असते, हे माहितीपत्रकाच्या पहिल्याच पानावर छापलेले होते. ते पान माझ्या सौभाग्यवतींनी रंगकामाच्या बिलासोबत जपून ठेवले आहे.

बालाघाट (धाराशिव)
आपल्या राज्यात हे मद्य पंचविशीनंतरच आणि परवाना काढून घ्यायचे असते, एवढे तरुण वाचकांसाठी नोंदवतो. बाकी मी सोडाच पितो, डॉक्टरांच्या कृपेने.

गोदातीर (नांदेड)
पूर्णाकाठ दादा, ती बाटली आतून धुतली कशी? आमच्याकडेही एक आहे, पण गोटीमुळे ब्रश आत जात नाही.

पूर्णाकाठ (परभणी)
मूठभर तांदूळ आणि कोमट पाणी घालून, तोंडावर तळहात दाबून बराच वेळ हलवली. गळ्यातला चिकटा निघाला, पण तळाशी एक पिवळा डाग अजून आहे. तो मी राहू दिला.