काळ्या मातीवर मातीचं घर? आधी माळवा बघा

रामबागवाला:
माहितीपट करणाऱ्या एका गृहस्थांनी काल लिहिलं की इंदूरकरांनी सिमेंट सोडावं, पायाखालच्या मातीतच घरं बांधावीत. अहो, इथे पायाखाली काळी माती आहे! पावसात फुगते, उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात. पाया चुकला तर पक्कं घरसुद्धा तडकतं. वास्तुकार लॉरी बेकरांची केरळातली स्वस्त घरं दाखवून माळव्याला सल्ले देऊ नका.

माहितीपटवाला:
दादा, काळ्या मातीच्या विटा पाडा असं मी म्हटलेलं नाही. त्यासाठी वाळूचं प्रमाण जास्त असलेली माती लागते. तिच्यात ५ ते १० टक्के सिमेंट घालून दाबलेल्या विटांना भट्टी लागत नाही. आणि बेकरांनी भाजलेली वीटही भरपूर वापरली. ते वीट उभी लावून मध्ये पोकळी ठेवत. सुमारे २५ टक्के विटा वाचतात, भिंतही कमी तापते. इंदूरच्या मे महिन्यात हे नको? सिमेंटची भट्टी १४५० अंशांवर जाते, जगाच्या कार्बन उत्सर्जनात तिचा वाटा सुमारे ८ टक्के आहे.

सुदामानगरची ताई:
सारवायचं कोणी, ते सांगा. देवासजवळ माझं आजोळ मातीचंच होतं. दिवाळीआधी आजी, मामी, आम्ही मुली शेण-माती कालवायचो. पाऊस तिरपा आला की पुन्हा तेच. मामा ओटीवर बसून 'आपलं घर किती गार' म्हणायचे. मामीच्या बोटांच्या चिरा अजून डोळ्यांसमोर आहेत.

जुना इंदूरकर:
ताई, सिमेंटच्या घरात बायकांना कष्ट नाहीत का? राजवाडा बघा, खाली दगड, वर लाकूड. १९८४च्या आगीत लाकूड गेलं, दर्शनी भाग उभा आहे. आमचा वाडा मात्र भावाभावांनी बिल्डरला दिला. तिथल्या चुन्याच्या भिंती...

सुदामानगरची ताई:
काका, वाड्याचं दुःख वेगळं. मी मजुरीबद्दल बोलतेय. फुकटात होतं म्हणून ते घर स्वस्त होतं. सारवणारीला रोजंदारी द्या आणि मग हिशेब मांडा!

साइटवरचा:
आणि कर्ज? माझ्या एका गिऱ्हाइकाला मातीच्या विटांचं नाव काढताच बँकेने परत पाठवलं. चुन्याचं काम जाणणारा मिस्त्रीही सहज मिळत नाही.

माहितीपटवाला:
ताईंचं मला मान्य करावंच लागेल. मी घरमालकांशी बोललो, सारवणाऱ्या बायकांशी नाही. पण दाबलेल्या विटांच्या भिंतीला दरवर्षी सारवण लागत नाही. छपराची वळचण बाहेर काढली, जोतं उंच घेतलं की पाऊस भिंतीवर येत नाही. दोन्ही घरं एका मापाने मोजू नका.

सुदामानगरची ताई:
मग तुमच्या लेखात ते आधी यायला हवं होतं. 'मातीचं घर' म्हटलं की आमच्या डोळ्यांसमोर शेणाची पाटीच येते.

रामबागवाला:
पायाबद्दलचं माझं म्हणणं कायम. पोकळ जोडणी करणारा इंदूरचा मिस्त्री दाखवा, कंपाउंडची भिंत त्याच्याकडून बांधून घेईन. घर नाही.