अनुभव धागा : काळ संपण्याचे भाकीत ऐकले, तेव्हा तुमच्या घरी काय झाले?

धागा सुरू करताना, कोल्हापूर शहरातून

1996 साली महाविद्यालयाच्या स्नेहसंमेलनासाठी मी एक एकांकिका लिहिली होती. तिच्यातील वृद्ध देवर्षी काळ संपण्याची भाकणूक सांगतो : ‘घाटाच्या देवळांवरनं नाव चालंल, पुलाच्या कमानीत मासा घर करंल, तिसऱ्या रात्री काळाची चाती थांबंल, आणि त्या रात्री जो उंबरा सोडंल, त्याला पुन्हा उंबरा न्हाई.’ चाती म्हणजे सूत कातण्याची फिरकी. या ओळी मी वसतिगृहाच्या खोलीत एका संध्याकाळी रचल्या होत्या आणि त्यांना कोणताही जुना आधार नव्हता. पंचगंगा घाटावरची देवळे पावसाळ्यात पाण्याखाली जाताना आपण सारेच पाहतो, त्यातूनच पहिली ओळ सुचली.

ऑगस्ट 2019 मध्ये पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्यावर पाण्याने 43 फुटांची धोक्याची पातळी केव्हाच ओलांडली होती आणि ते 55 फुटांच्याही वर चढले होते. त्या दिवसांत माझ्याच ओळी ‘सातशे वर्षांपूर्वीची भाकणूक’ या नावाने फिरत फिरत माझ्या मोबाइलवर आल्या. आमच्या गल्लीत जोत्याला पाणी लागले होते, आणि शेजारच्या आजी, ज्यांना मी लहानपणापासून आत्ती म्हणतो, घर सोडायला तयार होईनात. कारण नातवाने त्यांना ती शेवटची ओळ वाचून दाखवली होती. हे मी लिहिलेले आहे, खोटे आहे, असे मी त्यांच्यासमोर बसून शपथेवर सांगितले. त्या म्हणाल्या, ‘लिवलंस तू रं बाबा, पण तुझ्याकडनं लिवून कुणी घेतलं?’ मला पुढे बोलता आले नाही. अखेर त्यांच्या सुनेने देवघरातले देव ताम्हणात घेऊन बाहेरच्या नावेत ठेवले आणि म्हणाली, ‘देव निघालं, आता तुमी मागं कुणासाठी ऱ्हाताय?’ तेव्हा आत्ती उठल्या.

तो प्रसंग आजही माझ्या मनातून जात नाही, म्हणून आपणा सर्वांना लिहिण्याचे आमंत्रण देत आहे. भाकीत खरे की खोटे हा वाद येथे नको. ते कोणत्या शब्दांत आले आणि घरात कोणी काय केले, ते कृपया सविस्तर लिहावे.

करवीर तालुक्यातून, एक वृद्ध शेतकरी

अष्टग्रहीच्या वेळी मी बारा वर्षांचा होतो. 3 ते 5 फेब्रुवारी 1962 या दिवसांत सूर्य, चंद्र, मंगळ, बुध, गुरू, शुक्र आणि शनी हे सात आणि आठवा केतू असे सारे मकर राशीत येणार असल्याने प्रलय होईल, असे गावोगाव बोलले जात होते. त्यातच पौषाची अमावास्या होती. आमचे गुऱ्हाळ तेव्हा भरात होते. दोन दिवस आधी सगळी गडीमाणसे वडिलांकडे आली आणि आजवरची मजुरी हातात द्या, म्हणाली. जग बुडणार असेल तर पैशाचे काय करणार, असे त्यांना कोणी विचारले नाही, आणि मला आज वाटते की ते योग्यच झाले. कष्टाचे पैसे अंगावर राहू नयेत, एवढेच त्यांना हवे होते. वडिलांनी उसने आणून प्रत्येकाचा हिशोब चुकता केला.

अमावास्येच्या रात्री मात्र एकही माणूस घरी गेला नाही. बायका-मुलेसुद्धा चुलवाणाच्या उबेला येऊन बसली. आमचा गुळव्या अत्यंत जाणता माणूस होता; ओल्या बोटांवर पाक घेऊन गोळी पाहिली की काहील कधी उतरायची ते त्याला अचूक कळे. पण त्या रात्री त्याचे डोळे सारखे आभाळाकडे जात होते, आणि एक आधण, म्हणजे काहिलीत शिजत असलेला सगळा रस, हातचे गेले. गूळ काळा पडला. सकाळी ऊन आल्यावर तो वडिलांच्या पाया पडू लागला, तेव्हा वडिलांनी त्याला उठवून पहिला ढेकूळ त्याच्याच हातावर ठेवला. तो काळपट गूळ आम्ही विकला नाही, वर्षभर घरीच खाल्ला.

गडहिंग्लजहून, निवृत्त शिक्षिका

11 जुलै 1979 रोजी स्कायलॅब हे अमेरिकेचे अवकाशस्थानक कोसळले, त्या दिवशी आईने डब्यातले सगळे तूप काढून पुरणपोळ्या केल्या आणि आम्हा भावंडांना माजघरात एकाच वाकळेवर झोपवले. दुसऱ्या दिवशी रेडिओवर कळले की त्याचे तुकडे हिंदी महासागरात आणि पश्चिम ऑस्ट्रेलियात पडले. आई तेथल्या माणसांची चौकशी कितीतरी दिवस करत होती.

हातकणंगले तालुक्यातून

दादा, आपण ‘भाकणूक’ हा शब्द वापरलात, म्हणून लिहिणे भाग आहे. आमचे घर धनगराचे आहे. पट्टणकोडोलीच्या विठ्ठल-बिरदेवाच्या यात्रेत भंडाऱ्याने सारा आसमंत पिवळा होतो, फरांडे बाबा हेडाम हा तलवारीचा खेळ खेळतात आणि नंतर भाकणूक सांगतात. ती पावसाची, पिकाची, रोगराईची, राज्याची असते. मी जितक्या भाकणुका ऐकल्या, त्यांत काळ संपला असे कधी आले नाही. वाईट सांगितले तरी ते येणाऱ्या वर्षाचे सांगितले, म्हणजे वर्ष येणार हे त्यात धरलेले असते. ती ऐकूनच माझे आजोबा बकऱ्यांचा कळप कोणीकडे न्यायचा ते ठरवत. शिवाय चाती थांबते ती कातलेले सूत तिच्यावर गुंडाळायला, हे आमच्या घरातले पोरही सांगेल. तेव्हा त्या ओळींखाली आपले नाव घालून त्या पुन्हा सर्वांना पाठवाव्यात, ही कळकळीची विनंती.

धागा सुरू करणारा

आपले म्हणणे मला मनापासून पटते आणि चातीची चूक मान्य आहे. नाव घालून पाठवण्याचे काम मी जुलै 2021 च्या पुरात केले होते. एकांकिकेच्या वहीच्या पानाचे छायाचित्रही सोबत जोडले होते. चार दिवसांनी त्या ओळी माझ्याकडे परत आल्या, तेव्हा नाव आणि छायाचित्र दोन्ही गळून पडले होते. शेवटची ओळ मात्र कोणीतरी बदलली होती : ‘त्या रात्री जो उंबरा सोडंल, त्याच्या उंबऱ्याला देव राखण ऱ्हाईल.’ आत्तींच्या सुनेला मी विचारले, तर त्या नाही म्हणाल्या.