पुनर्मूल्यांकनाला ७० दिवस झाले, निकाल नाही. कायदेशीर मार्ग कोणता?

सेमसिक्स_डोंबिवली:
टीवाय बीकॉम, सेम ६, एका विषयात नापास. उत्तरपत्रिकेची फोटोकॉपी आणि पुनर्मूल्यांकन, दोन्ही अर्ज मुदतीत केले, फीची पावती आहे. पोर्टलवर ७० दिवस 'प्रक्रियेत' एवढंच दिसतंय. कॉलेज परीक्षा विभागाकडे पाठवतं, तिथली खिडकी परत कॉलेजकडे. एमकॉम प्रवेशाला १२ दिवस उरलेत. ग्राहक मंचात जावं का?

फोर्टचा_वकील:
ग्राहक मंच विसरा. परीक्षा घेणं ही 'सेवा' नाही आणि परीक्षार्थी ग्राहक नाही, हे सुप्रीम कोर्टाने २००९ मध्येच बिहारच्या शालेय परीक्षा मंडळाच्या प्रकरणात सांगितलंय.

उद्या लेखी अर्ज द्या, परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांच्या नावे, प्रत कुलसचिवांना. पीआरएन (विद्यापीठाचा कायम नोंदणी क्रमांक), आसन क्रमांक, विषयाचा कोड, पावती क्रमांक, अर्जाची तारीख आणि प्रवेशाची शेवटची तारीख, एवढं एका पानात. दोन प्रती न्या. दुसरीवर आवक क्रमांक आणि तारखेचा शिक्का घेतल्याशिवाय हलू नका. तोंडी चकरांचा कोर्टात काडीचा उपयोग नाही. पावतीही नीट बघा: कधी पैसे कापले जातात पण पोर्टलवर व्यवहार अपूर्ण राहतो आणि अर्ज पुढे सरकतच नाही.

गुणपत्रिका_ग्रुप:
महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ कायदा २०१६, कलम ८९: ४५ दिवसांत निकाल बंधनकारक. तेच तोंडावर मारा.

फोर्टचा_वकील:
ती मुदत परीक्षेच्या शेवटच्या दिवसापासून मोजतात आणि मूळ निकालासाठी आहे. पुनर्मूल्यांकनाला ती जशीच्या तशी लावली तर समोरचा वकील दोन मिनिटांत खोडून काढेल. विद्यापीठाच्या स्वतःच्या पुनर्मूल्यांकन परिपत्रकात मुदत दिली असेल तर तीच पुढे करा.

समिती_ते_लोकपाल:
यूजीसीचे (विद्यापीठ अनुदान आयोगाचे) २०२३ चे विद्यार्थी तक्रार निवारण विनियम वापरा. निकाल जाहीर करण्यातला विलंब ही त्यात स्पष्टपणे 'तक्रार' आहे. आधी विद्यार्थी तक्रार निवारण समिती, तिला १५ कामाचे दिवस. निर्णय पटला नाही तर १५ दिवसांत विद्यार्थ्यांच्या तक्रारींसाठी नेमलेल्या विद्यापीठाच्या लोकपालांकडे अपील. खाचखळगा असा, की 'माझे गुण वाढवा' किंवा 'पेपर पुन्हा तपासा' असली मागणी लोकपाल ऐकत नाहीत. त्यामुळे अर्जात गुणांचा 'ग' सुद्धा नको. फक्त विलंब, तारखा आणि नुकसान. १२ दिवसांत हे पुरं होणार नाही, पण तक्रार केल्याची पोच पुढे कामाला येते.

माहिती_१०_रुपये:
सोबत माहिती अधिकाराचा अर्जही टाका. महाराष्ट्रात एकाच विषयावर, १५० शब्दांच्या आत. 'उशीर का झाला' विचारू नका, 'का'ला उत्तर देणं त्यांच्यावर बंधनकारक नाही. असं विचारा: उत्तरपत्रिका परीक्षकाकडे कोणत्या तारखेला गेली, कधी परत आली, आज कोणत्या टप्प्यावर आहे. उत्तराला ३० दिवस लागतात. म्हणजे प्रवेश यातून वाचत नाही, पण याचिकेला पुरावा मिळतो.

फोर्टचा_वकील:
१२ दिवसांचा खरा उपाय म्हणजे उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या कलम २२६ ची रिट, म्हणजे विद्यापीठाला आदेश द्या अशी याचिका. पुनर्मूल्यांकनाचा नियम नसेल तर त्याचा हक्क नाही, हे १९८४ पासून ठरलेलं आहे. इथे नियम आहे, फीही घेतलीय, मग काम वेळेत करा असा आदेश मागता येतो. लेखी अर्जाला तीन-चार दिवस द्या, मग दाखल करा. अंतरिम मागणी: तात्पुरता प्रवेश किंवा जागा राखीव. इथे हमखास चूक होते. जिथे एमकॉमला प्रवेश हवा त्या कॉलेजला प्रतिवादी केलंच जात नाही, आणि जो पक्षकारच नाही त्याला कोर्ट जागा ठेवायला सांगणार कसं? तातडीच्या सुनावणीसाठी प्रेसिपी (कोर्टाला लेखी विनंती) द्यावी लागते, तिच्यात प्रवेशाची तारीख ठळक लिहा.

सेमसिक्स_डोंबिवली:
वकिलाची फी परवडणार नाही. मी मुलगी आहे, याने काही फरक पडतो का?

फोर्टचा_वकील:
पडतो. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७, कलम १२: महिलांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे उद्याच अर्ज करा. पावती, पोर्टलचा स्क्रीनशॉट आणि शिक्क्याची प्रत सोबत न्या.