स्पार्क प्लग घरी बदलावेत का?

डिचोलीकर :
पेट्रोल गाडीचे स्पार्क प्लग बदलण्याचे काम, ज्याला घाई न करता क्रमाने काम करता येते अशा मालकाने घरीच करावे, असे माझे ठाम मत आहे. गेल्या वर्षी एका गॅरेजच्या बिलात चार नवे प्लग लागले होते. तरीही इंजिनाची थरथर थांबेना, म्हणून मी ते उघडून पाहिले, तर आत इलेक्ट्रोडच्या कडा झिजलेले जुनेच प्लग होते. तेव्हापासून हे काम मी दुसऱ्याकडे दिलेले नाही.

इंजिन पूर्ण थंड झाल्यावर कॉइलचा (प्लगला ठिणगीसाठी वीज देणाऱ्या भागाचा) कनेक्टर सोडवायचा, तिचा बोल्ट काढून कॉइल सरळ वर ओढायची आणि प्लगच्या खोल खड्ड्यात हवा मारायची. आमच्या भागात खनिजाच्या ट्रकांची तांबडी धूळ बॉनेटखाली साचते. हवा न मारता प्लग काढला, तर ती थेट सिलिंडरमध्ये पडते. हे भान घाईतल्या कारागिराला राहतेच असे नाही, मालकाला मात्र राहते. शिवाय काढलेला प्लग इंजिनाची प्रकृती सांगतो. टोक फिकट तपकिरी असेल तर ज्वलन ठीक आहे, कोरडी काळी काजळी असेल तर पेट्रोलचे प्रमाण जास्त होत आहे, तेलकट असेल तर इंजिन ऑईल वर येत आहे आणि पांढरेफटक असेल तर प्लग अति तापतो आहे. गॅरेजमध्ये हे प्लग आपल्याला कोणी दाखवत नाही.

फोंडेकर :
पंचवीस वर्षे गॅरेज चालवतो, म्हणून विरोधात लिहितो. डिचोलीकरबाब, तुमची फसवणूक झाली ते वाईटच. परंतु त्यावरून सर्वांनी पाना हातात घ्यावा हा निष्कर्ष मला पटत नाही. प्लग ज्यात बसतो ते सिलिंडर हेड अ‍ॅल्युमिनियमचे असते आणि प्लगचे आटे पोलादाचे. प्लग किंचित तिरका लागला आणि लांब पान्याने जोर दिला, की हेडचे आटे जातात. मग आत नवी बुश बसवावी लागते, प्रसंगी हेड उतरवावे लागते. १४ मिलिमीटर आट्यांच्या प्लगला साधारण २५ ते ३० न्यूटन-मीटर, तर १२ मिलिमीटरच्या प्लगला १५ ते २० एवढाच आवळ पुरतो. असा आवळ मोजून देणारा पाना, म्हणजे टॉर्क रेंच, किती घरांत असतो? वर काही गाड्यांत इनटेक मॅनिफोल्ड (इंजिनात हवा नेणाऱ्या नळ्यांचा जुडगा) काढल्याशिवाय मागचे प्लग दिसतही नाहीत. आणि ज्यांना करायचेच आहे त्यांनी निदान आट्यांना ग्रीस लावावे, म्हणजे पुढच्या वेळी प्लग अडकणार नाही.

काणकोणची ताई :
मला दोघांचेही थोडे थोडे पटते, पण हवामानाचा विचार कोणीच केलेला नाही. आमचे घर समुद्राजवळ आहे. खाऱ्या हवेने कॉइलचे बोल्ट गंजतात, आणि पावसाळ्यात बॉनेटखाली पाण्याचा फवारा मारून घेतला की प्लगच्या खड्ड्यात पाणी राहते. गाडी झटके देऊ लागते आणि दोष प्लगला लागतो. माझ्या गाडीत कॉइलचे रबर पुसून, वाळवून बसवले एवढ्यानेच काम झाले, प्लग चांगलेच होते. म्हणून काम घरी करा, पण मे महिन्यात करा.

डिचोलीकर :
ताईंची सूचना मोलाची आहे. फोंडेकरबाब, आट्यांची भीती रास्त आहे, परंतु तिच्यावर उपाय आहे : प्लगच्या वरच्या टोकाला रबरी नळीचा तुकडा लावून तो बोटांनी फिरवावा. प्लग तिरका लागला तर नळीच घसरते, त्यामुळे आट्यांवर जोर येत नाही. हाताने पूर्ण बसल्यावर, वॉशर असलेल्या १४ मिलिमीटरच्या नव्या प्लगला पान्याने अर्धा ते दोन तृतीयांश फेरा पुरतो. निमुळत्या बैठकीच्या प्लगला फेऱ्याचा सोळावा भागच. ग्रीसबाबत मात्र माझा स्पष्ट विरोध आहे. आजच्या बहुतेक प्लगच्या आट्यांना गंजरोधक मुलामा असतो. ग्रीस लावले की घर्षण घटते, तोच आवळ प्रत्यक्षात जास्त बसतो आणि ज्या आट्यांची आपण काळजी करता तेच ताणले जातात.

फोंडेकर :
मुलामा असलेल्या प्लगपुरते ग्रीसचे म्हणणे मान्य करतो. जुन्या इंजिनांवर शिकलेली ती सवय आहे. पण एक लाख किलोमीटर एकदाही न उघडलेले प्लग नवशिक्याने काढू नयेत, यावर मी ठाम आहे. चौथाई फेऱ्यानंतर प्लग करकरू लागला, तर तो मागे-पुढे करत किती धीराने सोडवायचा हे हातालाच कळते. पहिली खेप गॅरेजमध्ये, शेजारी उभे राहून पाहावी.

डिचोलीकर :
तसे उभे राहू देणारे गॅरेज असेल, आणि काढलेले चारही प्लग बिलाबरोबर मालकाच्या हातात मिळणार असतील, तर पहिल्या खेपेला मी स्वतः लोकांना तिकडेच पाठवीन.

फोंडेकर :
प्लग हातात देणे ही मागणी योग्य आहे. उद्यापासून माझ्याकडे तसे होईल.