प्रतिसाद: जुन्या चेक सिनेमात फक्त हेडी लमारच नाही हो
वर कोणीतरी म्हटलंय की जुना चेक सिनेमा म्हणजे दिग्दर्शक माखाटीचा एक्स्टसे हा पिक्चर आणि त्यातली हिरॉईन हेडी लमार, बाकी काय नाही. अहो, योझेफ रोव्हेन्स्की राहिला की!

मूकपटांच्या काळातला प्रागचा कॅरेक्टर अ‍ॅक्टर. हिरो कधीच नाही, पण फ्रेममध्ये आला की नजर त्याच्यावरच. दिग्दर्शक पाब्स्टचा १९२९ चा मूकपट डायरी ऑफ अ लॉस्ट गर्ल बघितला असेल तर त्यात हिरॉईन लुईस ब्रूक्सचा बाप, तो औषधाच्या दुकानाचा मालक, तो हाच. मोलकरणींच्या मागे लागणारा, नंतर नव्या बायकोच्या मुठीत गेलेला आणि पोरीला सुधारगृहात धाडून मोकळा झालेला. पुढे नाइटक्लबात बापलेकीची नजरानजर होते तो सीन बघाच, डायलॉगच नाही, नुसता चेहरा, आणि त्या चेहऱ्यात लाज पण आहे आणि भित्रेपणा पण. असल्या माणसाचा धड राग पण येत नाही, हेच त्याचं कसब.

आणि हाच माणूस दिग्दर्शक म्हणून १९३३ मध्ये रेका (म्हणजे नदी) काढतो, गावातली कोवळी लव्हस्टोरी, भल्यामोठ्या माशाशी झुंजणारा पोरगा, आणि कॅमेरा यान श्टालिखचा, ज्याने एक्स्टसे पण शूट केला! दोन्ही पिक्चर १९३४ च्या व्हेनिस फिल्म फेस्टिव्हलला गेले होते, गाजला मात्र एक्स्टसे, कारण हेडी लमारचे ते नग्न सीन 😄

१९३७ मध्ये गेला बिचारा, वय फक्त ४३. हातातला पिक्चर अर्धवट राहिला, तो दिग्दर्शक यान स्विटाकने पुरा केला.