पामेला रॉटनर साकामोतोची पुस्तकं, आधी कुठलं वाचू?

कडकचहा: सुगिहाराबद्दल यूट्यूबवर बरंच बघून झालं, लिथुआनियातला जपानी अधिकारी, वरून नको म्हणत असताना ज्यूंना व्हिसे देत सुटला वगैरे. आता जरा नीट इतिहास वाचायचाय. साकामोतोची दोन दिसतायत, १९९८ चं 'जॅपनीज डिप्लोमॅट्स अँड ज्यूइश रिफ्यूजीज' आणि २०१६ चं 'मिडनाइट इन ब्रॉड डेलाइट'. सुरुवात कुठून करू?

निवांत_नाना: दुसऱ्यापासून कर. त्यात ज्यू नाहीत हं, ती फुकुहारा कुटुंबाची गोष्ट आहे. वडील वारल्यावर १९३३ मध्ये आई मुलांना घेऊन वॉशिंग्टन राज्यातून हिरोशिमाला परत गेली, त्यातल्या हॅरी या मुलाला काही तिथं करमेना, १९३८ ला तो अमेरिकेत परतला आणि पर्ल हार्बर झाल्यावर जन्माने अमेरिकन असूनही त्याला ॲरिझोनातल्या गिला रिव्हर छावणीत डांबलं. तरी तिथूनच पठ्ठ्या आर्मीत गेला, जपानी येतं म्हणून दुभाष्या, न्यू गिनीत कैद्यांची चौकशी करायला! इकडे धाकटा भाऊ फ्रँक जपानी सैन्यात, आई हिरोशिमात. आणि नोव्हेंबर १९४५ ला जपानच्या क्यूशू बेटावर फौजा उतरवायचा अमेरिकेचा प्लॅन तयार होता, म्हणजे भाऊ भावासमोर यायची वेळ! पहिलं पुस्तक म्हणजे नुसत्या तारा (टेलिग्राम), तोक्यो विचारतंय, वकिलात कळवतेय. झोप येते.

रेघोट्या: नाना, झोप येते काय! खरी गंमत त्या तारांतच आहे. तोक्योने सरसकट 'देऊ नका' असं म्हटलंच नव्हतं, ट्रान्झिट व्हिसा (जपानमार्गे पुढे जाण्यापुरता) द्या पण माणसाकडे पुढच्या देशाची परवानगी आणि पुरेसे पैसे हवेत, एवढीच अट. आता १९४० च्या उन्हाळ्यात लिथुआनियातल्या कौनासमध्ये अडकलेल्या पोलिश ज्यूंना पुढचा देश कुठला? तर डच कॉन्सुल झ्वार्टेन्डाइक पासपोर्टवर लिहून द्यायचा की कुरासावला (कॅरिबियनमधलं डच बेट) व्हिसा लागत नाही. तिथल्या गव्हर्नरची परवानगी लागते हे वाक्य तो खुशाल गाळायचा. त्या कागदावर सुगिहारा व्हिसा द्यायचा. म्हणजे कामात दोघं होते, आणि आपण एकाचाच फोटो फिरवतो.

कडकचहा: अरे हे माहीतच नव्हतं. मग सहा हजार लोक वाचवले तो आकडा?

रेघोट्या: त्याच्या यादीत २,१४० च्या आसपास नावं आहेत. एका व्हिसावर बायकापोरं पण जायची त्यामुळे माणसं जास्त, पण सगळे व्हिसे वापरलेच गेले असंही नाही. सहा हजार छातीठोकपणे सांगणाऱ्यांवर माझा विश्वास नाही. आणि व्हिसा मिळाला म्हणजे सुटले असंही नाही, सैबेरियातून व्लादिव्होस्तोक, तिथून बोटीने जपानचं त्सुरुगा बंदर, मग कोबे शहर. जपानमध्ये मुक्कामाची मुदत थोडी, ती वाढवून घ्यायला कोत्सुजी नावाच्या हिब्रूच्या अभ्यासकाने खटपट केली. ज्यांना पुढे कुठेच जाता आलं नाही त्यांना १९४१ मध्ये शांघायला पाठवलं आणि १९४३ ला त्याच जपानने त्यांना तिथे हाँगक्यूच्या वस्तीत कोंडलं.

निवांत_नाना: बरं बाई, हरलो. तरी नवख्याने आधी फुकुहाराच वाचावं. ६ ऑगस्टला थोरला व्हिक्टर

कडकचहा: नाना थांबा!! पुढचं सांगू नका, आजच मागवतोय.